झेंडू कोणी खाल्ला? सोसायटीची बाग, गोगलगायी आणि ‘कंट्रोल’ची कुंडी

इंग्रजीतली बागकामाची पुस्तकं उघडली की फुलझाडांचा शत्रू म्हणून आधी सशाचं नाव येतं. कुंपण किती उंच हवं, जाळी जमिनीत किती खोल गाडायची, कुठलं फूल सशाला आवडत नाही, याची पानंच्या पानं असतात. मुलुंडमध्ये त्याचा उपयोग शून्य. आमच्या सोसायटीत एकच ससा आहे, तो पहिल्या मजल्यावर पिंजऱ्यात राहतो आणि त्याला रोज कोथिंबीर मिळते. पलीकडे संजय गांधी राष्ट्रीय उद्यानात काळ्या मानेचा ससा आहे खरा, पण तो इंग्रजीतला ‘रॅबिट’ नव्हे, ‘हेअर’. बिळं खणून वसाहत करणारा युरोपातला ससा आपल्याकडे रानात नसतोच. मराठीत दोघांनाही ससाच म्हणतात, म्हणून घोळ होतो.

झेंडू मात्र आमच्याकडेही खाल्ला जातो. जुलैच्या सुरुवातीला माळीकाका दसऱ्याच्या हिशोबाने रोपं लावतात आणि आठवड्याभरात निम्म्या रोपांचे शेंडे गायब होतात. काहींची तर नुसती काडी उरते. गेल्या वर्षी सोसायटीच्या मीटिंगमध्ये आरोपींची यादी झाली: माकडं, घुशी, अळ्या, आणि पहाटे पूजेसाठी फुलं तोडणारे बी विंगमधले काका. मग सगळ्यांचं लक्ष माझ्याकडे गेलं. “तू पीएच.डी. करतेस ना या असल्याच विषयात? मग सांग, काय टाकायचं?”

मी इकॉलॉजीत पीएच.डी. करते, पण ‘काय टाकायचं’ याचं उत्तर माझ्याकडे नव्हतं. ते शोधायचं कसं, हे थोडंफार माहीत होतं. ही पोस्ट त्याबद्दल आहे. तुमच्यापैकी बरेच जण पेट किंवा नेटची तयारी करताय, आणि मुलाखतीत ‘एक प्रयोग आखून दाखवा’ म्हटलं की आपण लगेच मोठमोठी यंत्रं मनात आणतो. इथे यंत्र एकच आहे, टॉर्च.

कारण पहिलं काम आरोपी ओळखण्याचं. दिवसा बागेत उभं राहून काही कळत नाही. रात्री नऊनंतर, पाऊस जरा थांबला असताना टॉर्च घेऊन खाली गेलं की पाचच मिनिटांत उत्तर मिळतं. तपकिरी पट्ट्यांची, लांबट, टोकदार शंखाची, काही तर मुठीएवढ्या, अशा गोगलगायी वाफ्याच्या कडेने चढत असतात. सकाळी त्यांच्या चकाकत्या लाळेच्या रेषा पानांवर राहतात. अळीने खाल्लं तर पानावर किंवा खाली बारीक लेंड्या सापडतात, माकडाने खाल्लं तर फांद्या मोडतात, माणसाने तोडलं तर देठ तुटलेला असतो आणि बाकीचं झाड शाबूत. बी विंगमधले काका निर्दोष सुटले असं मी म्हणणार नाही, पण रोपं त्यांनी खाल्लेली नाहीत.

ही आफ्रिकन महाकाय गोगलगाय, शास्त्रीय नाव लिसाकॅटिना फुलिका; जुन्या शोधनिबंधांत अकाटिना फुलिका. शेतीखात्याच्या पत्रकांत तिला शंखी गोगलगाय म्हणतात. मूळची पूर्व आफ्रिकेची. भारतात ती कशी आली याची नोंद आहे: १८४७ साली विल्यम बेन्सन या शंखशिंपल्यांच्या अभ्यासकाने मॉरिशसहून काही गोगलगायी कलकत्त्याला आणल्या आणि त्या चौरंगी भागातल्या एका बागेत सुटल्या. हौस म्हणून. बारा वर्षांनी, १८५९ मध्ये, ऑस्ट्रेलियातल्या व्हिक्टोरियात थॉमस ऑस्टिन नावाच्या जमीनदाराने शिकारीच्या हौसेने इंग्लंडहून दोन डझन ससे मागवले. पुढच्या पन्नासेक वर्षांत ससे जवळजवळ खंडभर पसरले. ऑस्ट्रेलियात त्याआधीही ससे अनेकदा आणले गेले होते, पण पसरले ते याच खेपेचे; २०२२ साली जनुकीय अभ्यासाने हे दाखवून दिलं. म्हणजे आमच्या झेंडूची आणि तिकडच्या ट्यूलिपची गोष्ट सुरू होते ती एकाच प्रकारच्या माणसाकडून.

आपली उपनगरं या गोगलगायीला फार मानवतात. प्रत्येक गोगलगाय नर-मादी दोन्ही असते. एका खेपेला १०० ते ४०० अंडी मातीत घातली जातात आणि एकदा समागम झाला की शुक्राणू महिनोन्महिने साठवून ठेवता येतात, म्हणजे एकटी गोगलगायसुद्धा नवी वसाहत वसवू शकते. शंखासाठी कॅल्शियम लागतं, ते तिला सोसायटीच्या भिंतीवरच्या चुन्यातून आणि रीडेव्हलपमेंटच्या राडारोड्यातून मिळतं. पावसाळ्यात भिंतीवर चिकटलेल्या दिसतात त्या नुसत्या फिरायला आलेल्या नसतात, भिंत खरवडत असतात. कोरडे दिवस आले की शंखाच्या तोंडावर पांढरट पडदा बांधून मातीत, विटांच्या ढिगात, पाण्याच्या टाकीमागे पडून राहतात.

हे शेवटचं वाक्य लक्षात ठेवा. सगळा घोटाळा त्यातच आहे.

आता उपाय. मीटिंगनंतर आमच्याकडे जे जे झालं ते असं. एकांनी मीठ टाकलं. गोगलगायी मेल्या, फेस काढून, बघवत नव्हतं. आणि दोन आठवड्यांनी त्या कोपऱ्यातली सदाफुलीही मेली, कारण मातीत इतकं सोडियम गेल्यावर मुळांना पाणी ओढणं जड जातं. एकींनी अंड्याची टरफलं चुरून पसरली. एकांनी कॉफीचा चोथा. कोणीतरी ऑनलाइन तांब्याची पट्टी मागवून कुंड्यांना गुंडाळली. हे सगळं ऑगस्टच्या शेवटापासून सुरू झालं. ऑक्टोबरच्या मध्यावर प्रत्येकाचा दावा एकच: “माझ्यामुळे बंद झाल्या बघ.”

आणि बंद झाल्याच होत्या! मुंबईतून मान्सून माघारी जायची सरासरी तारीख ८ ऑक्टोबर आहे. पाऊस ओसरला, माती वरून सुकली, गोगलगायी पडदा बांधून झोपल्या. त्या काळात तुम्ही कुंडीला गंडा बांधला असता तरी गुण आला असता. लोक खोटं बोलत नव्हते. त्यांनी जे पाहिलं ते खरंच होतं: उपाय केला, मग नुकसान थांबलं. फक्त उपाय न करताही ते थांबलं असतं की नाही, हे कोणी पाहिलंच नव्हतं, कारण उपाय न केलेली कुंडी बागेत शिल्लक नव्हती.

ती न केलेली कुंडी म्हणजे कंट्रोल. पुस्तकात कंट्रोलची व्याख्या दोन ओळींत असते आणि आपण ती पाठ करतो. पण कंट्रोल म्हणजे ‘आधी’ नव्हे, हे पुस्तकातून चटकन डोक्यात शिरत नाही. ऑगस्टमधली बाग ही ऑक्टोबरमधल्या बागेची कंट्रोल होऊ शकत नाही, कारण दोन्हींमधला पाऊस वेगळा आहे, रोपांचं वय वेगळं आहे, आणि कोवळं रोप जितकं चविष्ट तितकं जून रोप नसतं. कंट्रोल त्याच रात्री, त्याच पावसात, त्याच वयाच्या रोपाचीच हवी.

असा प्रयोग इंग्लंडमध्ये झाला आहे. रॉयल हॉर्टिकल्चरल सोसायटीने १०८ लेट्यूसच्या रोपांवर पाच घरगुती अडथळे तपासले: तांब्याची पट्टी, खडी, पाइनच्या सालीचा चुरा, लोकरीच्या गोळ्या आणि अंड्याची टरफलं. २०१८ मध्ये निकाल जाहीर झाला. अडथळे लावलेल्या आणि न लावलेल्या रोपांच्या नुकसानीत म्हणण्यासारखा फरक नव्हता. हे वाचून मी सोसायटीच्या ग्रुपवर ‘टरफलांचा उपयोग नाही’ असं टाकणार होते, पण थांबले. तिथल्या गोगलगायी वेगळ्या जातीच्या, आपल्या यांच्यापुढे अगदी लहान. पाऊस वेगळा, पीक वेगळं. तो निकाल मला इतकंच सांगतो की टरफलांवर डोळे झाकून विश्वास ठेवू नये. मुलुंडच्या जुलैत काय होतं, ते मुलुंडच्या जुलैतच बघावं लागेल. उलट टरफलांबद्दल मला वेगळीच शंका आहे: ज्या प्राण्याला कॅल्शियमची एवढी भूक, त्याच्या वाटेत आपण कॅल्शियम पसरतोय. अडथळा की आमंत्रण? या प्रश्नाचं उत्तर ‘हो’ किंवा ‘नाही’ येऊ शकतं, आणि दोन्ही उत्तरं उपयोगाची आहेत. माझ्या गाइड म्हणतात, प्रश्न चांगला आहे की नाही हे ओळखायची हीच खूण.

प्रयोग आखायला बसल्यावर पहिली कल्पना सगळ्यांना सुचते तीच मलाही सुचली. ए विंगसमोरच्या वाफ्याला टरफलं, बी विंगसमोरच्या वाफ्याला काही नाही. प्रत्येक वाफ्यात तीसेक रोपं, म्हणजे साठ रोपांचा डेटा. छान वाटतं ना? पण हा साठ रोपांचा डेटा नाहीच. हा दोन वाफ्यांचा डेटा आहे, एका बाजूला एक, दुसऱ्या बाजूला एक. ए विंगसमोर नळ गळतो, तिथे कायम ओल असते; बी विंगसमोर दुपारभर ऊन. फरक दिसला तर तो टरफलांचा की नळाचा? तीसऐवजी तीनशे रोपं मोजली तरी हा प्रश्न सुटत नाही. स्टुअर्ट हर्लबर्ट यांनी १९८४ साली ‘इकॉलॉजिकल मोनोग्राफ्स’मध्ये या चुकीवर एक लांबलचक निबंध लिहिला आणि तिला ‘स्यूडोरिप्लिकेशन’ म्हणजे खोटं रिप्लिकेशन हे नाव दिलं. निबंध चाळीस वर्षं जुना आहे, चूक अजून ताजी आहे. मी स्वतः एम.एस्सी.च्या प्रोजेक्टमध्ये केली होती आणि व्हायवाला एक्स्टर्नलनी दोन मिनिटांत पकडली. रोपं मोजण्याआधी स्वतःला विचारायचं: उपाय कशाला दिला? वाफ्याला दिला असेल तर एकक वाफा. कुंडीला दिला असेल तर कुंडी.

म्हणून कुंड्या. आमच्याकडे २४ कुंड्या जमल्या. चार प्रकार ठरवले: एकीला काहीच नाही, एकीला टरफलांचं कडं, एकीला तांब्याची पट्टी, आणि एकीला तांब्याच्याच रुंदीची साधी चिकटपट्टी. ही चौथी का? कारण पट्टी लावली की कुंडीचा पृष्ठभाग गुळगुळीत होतो, आणि कदाचित गोगलगाय त्यानेच घसरत असेल. तांब्याचा दावा असा असतो की लाळेशी त्याची क्रिया होऊन झटका बसतो. दावा तांब्याबद्दल आहे, तर तुलना तांबं नसलेल्या पट्टीशी हवी, नुसत्या मोकळ्या कुंडीशी नाही.

मग या २४ कुंड्या सहा गटांत वाटल्या, प्रत्येक गटात चारही प्रकारांची एकेक कुंडी. एक गट नळाजवळ, एक कंपाउंडच्या भिंतीखाली, एक उन्हात, असे. याला ब्लॉक म्हणतात. आर. ए. फिशर यांनी विसाव्या शतकाच्या विशीत रॉथमस्टेडच्या शेतांवर काम करताना ही पद्धत मांडली, आणि शेतातला उंचसखलपणा जसा, तसा सोसायटीतला नळ. नळाजवळ चारही प्रकार असले की ओलीचा फायदा-तोटा चौघांना सारखाच. गटात कुठली कुंडी कुठला उपाय घेणार हे मी ठरवायचं नाही, चिठ्ठ्या टाकायच्या. वाटतं की आपण डोळ्यांनी नीट सारखं वाटू शकतो. पण आपला हात नकळत चांगल्या रोपाला आवडता उपाय देतो. आमच्याकडे चिठ्ठ्या चौथी-पाचवीतल्या मुलांनी काढल्या आणि पूर्ण प्रयोगात सगळ्यात गंभीरपणे झालेला भाग तोच.

आता एक अडचण, जिच्यावर मी सगळ्यात जास्त रात्री घालवल्या. समजा तांब्याने खरंच गोगलगाय अडते. मग ती काय करते? उपाशी झोपते का? नाही, वळते आणि शेजारच्या मोकळ्या कुंडीत चढते. म्हणजे कंट्रोलच्या कुंडीचं नुकसान वाढतं, ते तांब्याच्या कुंडीमुळे. आकड्यांत तांबं जबरदस्त दिसेल, पण बागेत एकूण खाल्लेली पानं तेवढीच असतील. एका कुंडीवरचा उपाय दुसऱ्या कुंडीच्या निकालात घुसतो, याला इंटरफिअरन्स म्हणतात. लसींच्या चाचण्यांत, शेतावरच्या कीटकनाशकांत, सगळीकडे हे भूत असतं. त्यावर पूर्ण उतारा नाही. कुंड्या एकमेकींपासून शक्य तितक्या लांब ठेवायच्या, आणि लिहिताना प्रश्न प्रामाणिकपणे मांडायचा: आम्ही ‘कुंडी वाचते का’ हे तपासलं, ‘बाग वाचते का’ हे नाही. दुसऱ्या प्रश्नासाठी अनेक सोसायट्या लागतील, काहींनी तांबं लावायचं, काहींनी नाही. मुलुंड ते घाटकोपरपर्यंतच्या सेक्रेटरींना एकत्र आणायची ताकद कोणत्याच पीएच.डी. विद्यार्थ्यात नसते.

गोगलगायी वेचून कंपाउंडच्या पलीकडे फेकणं हाही याच जातीचा प्रकार. तो शेजारच्या सोसायटीचा झेंडू खातो, म्हणजे तुमचा उपाय फक्त तुमच्या हद्दीत यशस्वी. शिवाय त्या परत येतात. इंग्लंडमधल्या रूथ ब्रूक्स या आजींनी आपल्या बागेतल्या गोगलगायींच्या शंखांवर नेलपॉलिशने खुणा करून त्या लांब नेऊन सोडल्या आणि घरी परतणाऱ्या मोजल्या. २०१० साली बीबीसी रेडिओच्या हौशी शास्त्रज्ञांच्या स्पर्धेत त्या पहिल्या आल्या. आपल्या आफ्रिकन गोगलगायीवर असाच अभ्यास तोमियामा या जपानी संशोधकांनी ओगासावारा बेटांवर केला, १९९२ मध्ये प्रसिद्ध झाला. पूर्ण वाढ झालेल्या गोगलगायी आपल्या जागी परततात, तरुण मात्र भटकतात, असं त्यात दिसलं. संशोधनाला निधी नाही म्हणणाऱ्यांनी नेलपॉलिशच्या बाटलीची किंमत एकदा बघावी.

मोजायचं काय, हाही प्रश्न वाटतो त्यापेक्षा अवघड आहे. ‘नुकसान’ ही मोजायची गोष्ट नाही. दर तिसऱ्या दिवशी प्रत्येक रोपाची उरलेली पानं, आणि खाल्लेल्या पानाचा फोटो आलेखाच्या कागदावर ठेवून, म्हणजे घरी ‘इमेजजे’ या फुकट सॉफ्टवेअरमध्ये क्षेत्रफळ काढता येतं. ते क्षेत्रफळ काढणाऱ्याला फोटो कुठल्या कुंडीचा हे माहीत नसावं. माझा धाकटा भाऊ हे काम करतो, दर फोटोला एक रुपया घेतो, आणि त्याला कुठल्याच उपायाबद्दल काडीची आस्था नाही. असा निरीक्षक मिळायला भाग्य लागतं.

आणि जमिनीवरच्या गोगलगायी मोजताना चौकट टाकलीत, तर कडेवर बसलेलीचं काय? अर्धी आत, अर्धी बाहेर. आपण ‘दिसतेय ना, घ्या’ म्हणतो आणि आकडा फुगतो. हसू नका, याच गोष्टीवरून भारतातल्या पिकांच्या अंदाजावर मोठा वाद झाला होता. साताऱ्याजवळच्या बुध गावचे संख्याशास्त्रज्ञ पां. वा. सुखात्मे यांनी चाळीसच्या दशकात दाखवलं की पीककापणीसाठी फार लहान तुकडा घेतला तर कडेवरची रोपं आत धरली जातात आणि उत्पन्न खऱ्यापेक्षा जास्त दिसतं. तुकडा जितका लहान, तितकी कड क्षेत्रफळाच्या मानाने मोठी. त्यावर सोपा नियम म्हणजे चौकटीच्या दोन बाजूंवरच्या मोजायच्या, उरलेल्या दोन बाजूंवरच्या सोडायच्या, आणि हे मोजण्याआधी वहीत लिहून ठेवायचं.

दोन गोष्टी सुरू करण्याआधीच्या. पहिली हातमोज्यांची. या गोगलगायींत उंदरांच्या फुप्फुसातल्या एका कृमीच्या अळ्या असू शकतात, नाव अँजिओस्ट्राँजिलस कँटोनेन्सिस. माणसाच्या पोटात गेल्या तर मेंदूच्या आवरणाला सूज येऊ शकते. मुंबईच्या उंदीर-घुशींत हा कृमी आढळल्याचा शोधनिबंध १९८२ सालचा आहे, म्हणजे हे कुठल्या तरी दूरच्या बेटावरचं दुखणं नाही. हातमोजे, नंतर साबणाने हात, आणि बागेतली पालेभाजी, पुदिना नीट धुऊन. आमच्या चिठ्ठ्या काढणाऱ्या मुलांना गोगलगायीला हात लावायला बंदी आहे.

दुसरी गोष्ट ओळखीची. सगळ्याच गोगलगायी पाहुण्या नाहीत. मुंबईत अरिओफँटा नावाची देशी गोगलगाय आहे, तिच्या शंखाचं तोंड डाव्या बाजूला असतं. आफ्रिकन गोगलगायीचं उजव्या. शंखाचं टोक वर धरून बघितलं की लगेच कळतं. मीठ आणि विषारी गोळ्या मात्र डावं-उजवं बघत नाहीत. आपल्याकडच्या या प्राण्यांचा अभ्यास किती अपुरा आहे याचा अंदाज यावरून करा की आंबोलीतून वराडिया ही गोगलगायीची अख्खी नवी प्रजाती २०२१ साली, कालपरवा, जगापुढे आली. मेटाल्डिहाइडच्या गोळ्या कुत्र्या-मांजरांनाही घातक असतात. ब्रिटनने २०२२ पासून त्या उघड्यावर वापरायला बंदी घातली. ज्या सोसायटीत सहा भटके कुत्रे गेटवर झोपतात आणि त्यांना बिस्किटं घालणाऱ्या चार आज्या आहेत, तिथे हा विषय मीटिंगमध्ये काढूनही बघू नका.

‘मग हिला खाणारा प्राणी आणून सोडा की’ असंही एकांनी सुचवलं. हे करून झालंय. आफ्रिकन गोगलगायीला आवरायला पॅसिफिकमधल्या बेटांवर युग्लँडिना ही मांसाहारी गोगलगाय सोडली गेली. मोरेआ बेटावर ती १९७७ मध्ये आली आणि दहाएक वर्षांत तिथल्या स्थानिक पार्टुला गोगलगायी रानातून संपल्या. आफ्रिकन गोगलगाय आजही आहे. आपल्याकडे भारद्वाज पक्षी आणि काही काजव्यांच्या अळ्या गोगलगायी खातात. त्यांच्यासाठी कंपाउंडच्या कडेला थोडी झुडपं ठेवणं एवढं सोसायटीला जमेल, जर सुशोभीकरणाच्या नावाखाली सगळीकडे पेव्हर ब्लॉक टाकले नाहीत तर.

ज्यांना प्रयोगबियोग नको, फक्त दसऱ्याला झेंडू हवा, त्यांच्यासाठी: संध्याकाळी ओलं गोणपाट किंवा पपईची पानं वाफ्याजवळ अंथरा, रात्री त्याखाली जमलेल्या हातमोजे घालून वेचा, बादलीत मिठाच्या पाण्यात टाका आणि ते पाणी बागेत न ओतता गोगलगायी खड्ड्यात खोल पुरा. मीठ बादलीत, मातीत नाही. जूनच्या पहिल्या पावसापासून सुरुवात करा, अंडी घालायच्या आधी. राडारोडा हलवा. रोपं जरा मोठी झाल्यावरच वाफ्यात लावा. एकदा करून संपत नाही हेही धरून चाला: मायामीत १९६६ साली एका मुलाने हवाईहून आणलेल्या तीन गोगलगायी आजीने बागेत सोडल्या, त्यांचा वंश निपटायला सरकारी यंत्रणेला जवळजवळ दहा वर्षं लागली, वेचलेल्यांची संख्या १८,००० वर गेली. आणि कोणाला हा बागवाल्यांचा लाडावलेला प्रश्न वाटत असेल, तर २०२२ च्या पावसाळ्यात लातूर, बीड आणि उस्मानाबादमध्ये शंखी गोगलगायींनी सोयाबीनची कोवळी रोपं खाल्ली होती आणि कित्येकांना पुन्हा पेरणी करावी लागली होती. तिथेही शेतकऱ्याला कोणीतरी सांगतच असतं, ‘हे टाका, आमच्याकडे गुण आला.’ गुण कोणत्या पावसात आला, आणि न टाकलेला वाफा शेजारी होता का, हे विचारणारं तिथे कोणीतरी हवं.

आमचा प्रयोग यंदा जुलैत सुरू झाला. सर्वांत अवघड गेलं ते सहा कुंड्यांना काहीच करायचं नाही, यावर कमिटीची सही घेणं. “मुद्दाम खायला घालायचं?” हा प्रश्न तीनदा आला. शेवटी त्या सहा कुंड्यांतला झेंडू वाचला नाही तर दसऱ्याला मी बाजारातून आणून देईन, या अटीवर परवानगी मिळाली. कुंड्यांवर पाट्या लावल्या: ‘या कुंडीला कृपया काहीही करू नये.’ तिसऱ्या दिवशी सकाळी नळाजवळच्या पाटीवाल्या कुंडीत मीठ सापडलं. कोणीतरी दया दाखवली होती.

अशा वेळी कुंडी गुपचूप बदलायचा मोह होतो. बदलायची नाही, आणि हिशोबातून काढूनही टाकायची नाही. विश्लेषण दोन्ही प्रकारे करायचं, ती कुंडी धरून आणि ती वगळून, आणि दोन्ही निकाल लिहायचे. वहीत तिच्यापुढे तारीख आहे, आदल्या रात्रीचा पाऊस आहे, आणि शेऱ्याच्या रकान्यात लिहिलंय: ‘मीठ, अंदाजे दोन चमचे, अज्ञात व्यक्ती.’